सोळा पिनांमधला अक्षतेचा दाणा

दोन वर्षांपूर्वीच्या दसऱ्यानंतर मी तांदळाच्या एका दाण्याने चार गाड्या मारल्या. त्यातली एक माझी स्वतःची होती, आणि मारली तेव्हा ती सुरू होती.

हा पराक्रम वरठीत थोडाफार माहीत आहे, मोहाडीत पुरता माहीत आहे, आणि आमच्या घरी तर तो पाहुण्यांना चहाबरोबर वाढला जातो. माझी बायको सुलभा तो सांगते तेव्हा माझ्या वाट्याला फार वाईट भूमिका येते. म्हटलं, एकदा आपल्याच तोंडून सांगून टाकावा. भूमिका तीच राहील, पण संवाद तरी आपले असतील.

माझं दुकान वरठीला, स्टेशनकडून मोहाडीला जाणाऱ्या रस्त्यावर. मी ऑटो इलेक्ट्रिशियन. गाडीतलं जे हाताला काळं लागतं ते मेकॅनिकचं आणि जे झटका देतं ते माझं, अशी आमच्यात वाटणी आहे. मी शिकलो तेव्हा सगळी विद्या एका बल्बात मावायची. बल्बाला दोन वायरी, एक टोक बॅटरीला, दुसरं टोक संशयाला. बल्ब पेटला तर तिथवर करंट आहे, नाही पेटला तर मागे सरकायचं.

मग गाड्यांत कॉम्प्युटर आले. आता गाडीला काय दुखतं ते तिला स्वतःलाच माहीत असतं, पण ती सांगते आपल्याला न कळणाऱ्या भाषेत. मधे दुभाषा लागतो. तो दुभाषा म्हणजे एक केबल. स्टिअरिंगच्या खाली, आपल्या गुडघ्याजवळ प्रत्येक नव्या गाडीत एक चपटं सॉकेट असतं. केबलचं एक डोकं त्यात जातं. त्याला दोन ओळींत आठ-आठ अशा सोळा पिना. दुसरं टोक लॅपटॉपला. मधे काडेपेटीएवढी डबी आणि डबीवर एक हिरवा दिवा. गाडी बोलते, डबी अर्थ लावते, लॅपटॉप वाचून दाखवतो. बस, एवढंच आहे. यात जादू नाही.

पण जादू नाही हे गिऱ्हाइकाला कशाला सांगा? मी तरुणपणी गावच्या नाटकात तीन वर्षं डॉक्टरचं काम केलं आहे. शेवटच्या अंकात यायचं, नाडी धरायची, वर बघायचं आणि मान हलवायची. संवाद एकही नाही. पण त्या मान हलवण्यावर बायांचे पदर डोळ्यांना लागायचे. ती मान मी वाया जाऊ दिली नाही. केबल लावली की मी डोळे बारीक करतो, "हं" म्हणतो, पुन्हा जरा लांब "हंऽऽ" म्हणतो. माणसं श्वास रोखून उभी राहतात. एकदा मोटारीचं काम झाल्यावर एक म्हातारे गृहस्थ घुटमळत राहिले. शेवटी कानाजवळ येऊन म्हणाले, "म्हशीले लावता येते काय जी हे? चार दिवस झाले, दूध चोरून राहिली."

तर अशी ही केबल. दुकानात तिचा मान सगळ्यांत मोठा, म्हणून त्या दसऱ्याला पूजेतही तिला पहिलं ताट. आमच्याकडे दसऱ्याला अवजारं कामाला लावत नाहीत. धुऊनपुसून मांडतात, हळदकुंकू वाहतात, झेंडू वाहतात, नारळ फोडतात. पाने, पक्कड, सोल्डरिंगची कांडी सगळी रांगेत बसली होती. केबलच्या त्या सोळा पिनांच्या डोक्यावर एक रबरी टोपण असतं. मी ते काढलं. सुलभा म्हणाली, "राहू द्या न टोपन. बाहेरून वाहा."

मी म्हणालो, "देवीले काय टोपन दाखवू? काम पिना करते, पूजा पिनांचीच होईन."

आणि मी पिनांचीच पूजा केली. कुंकू वाहिलं. मूठभर अक्षता सोडल्या. नारळाचं पाणी शिंपडलं, कमी वाटलं म्हणून पुन्हा शिंपडलं. दुसऱ्या दिवशी झेंडू काढला, फडक्यानं वरवर पुसलं आणि टोपण लावून टाकलं. हे सगळं तुम्ही आता लक्षात ठेवलंत. मी नाही ठेवलं.

तिसऱ्या दिवशी मोहाडीच्या इंदूबाई आल्या.

इंदूबाईंचे मालक पांडुरंगजी कोशाच्या रेशमी कापडाचे विणकर. माणूस मागावर बसला की बोलत नाही आणि उतरला तरी फारसा बोलत नाही. त्यांच्या साड्या वर्षानुवर्षं त्यांचा धाकटा भाऊ मनोहर नागपूरला न्यायचा. कोणत्या दुकानात द्यायच्या, कोणाच्या नावानं द्यायच्या, पुढच्या खेपेला कोणता रंग विणायचा, सगळं मनोहर ठरवायचा. पन्नाशीला आलेल्या इंदूबाईंनी एके दिवशी सांगितलं, मी गाडी शिकते. घर हसलं. त्या शिकल्या. जुनी डिझेलची एक गाडी घेतली आणि साड्या मागच्या सीटवर चादरीत बांधून स्वतः नागपूरला जाऊ लागल्या. दुकानदारासमोर साडी स्वतः उलगडायची आणि ती कोणी विणली हे स्वतः सांगायचं, एवढ्यासाठी. गाडीची चावी घरात मागाच्या शेजारच्या खुंटीला असायची. ती गाडी म्हणजे त्यांचा नागपूरचा रस्ता होता. ती गेली की साड्या पुन्हा मनोहरच्या पिशवीत.

आता त्या आल्या तेव्हा मनोहरही बरोबर होता. गाडी चालता चालता बंद पडायची आणि दहा मिनिटांनी, जणू काही झालंच नाही अशी सुरू व्हायची.

मी केबल काढली. सॉकेटमध्ये डोकं जाईना. जरा घट्ट होतं. नव्या जोड्यात पाय जात नाही म्हणून नवरदेव जोडा बदलतो का? मी तळव्यानं दोन दणके दिले. बसलं. दुसरं टोक लॅपटॉपला जोडलं, डबीवर हिरवा दिवा लागला. लॅपटॉपवर चाक फिरलं, फिरलं, आणि अक्षरं आली: इंजिनाच्या कॉम्प्युटरशी संपर्क होत नाही.

पुन्हा लावलं. तेच. मग मी वर बघितलं आणि नाटकातली मान हलवली.

"काय झालं?" मनोहरनं विचारलं.

"डोकं गेलं," मी म्हणालो. "इंजिनाचा कॉम्प्युटर. बोलूनच नाही राहिला."

इंदूबाईंनी पदर खोचला. "मेलेल्या डोक्यानं मी मोहाडीवरून आली कशी मग?"

प्रश्न इतका बिनतोड होता की मला तिथेच थांबायला हवं होतं. मी म्हणालो, "थोडी धुगधुगी आहे, ताई. विझायच्या आधी दिवा भडकते तशी."

"भाऊ, आमच्यात कापडात दोष आला तं आधी माग पाहतो, मग सूत. तुमची ही वायर बरी आहे न? एखाद्या दुसऱ्या गाडीले लावून पाहा बरं."

मी हसलो. आता आठवलं की कानशिलं गरम होतात, पण हसलो. "ताई, हा हिरवा दिवा दिसते? हा लागला म्हनजे वायर ठीक. हे मागावरचं काम नाही."

आणि एवढ्यावर थांबलो असतो तरी चाललं असतं. पण समोर दोन माणसं ऐकत उभी असली की माझी जीभ पुढचा अंक सुरू करते. मी म्हणालो, "खरं सांगू का, नव्या हाताले अशा गाड्या सोसत नाही."

मनोहरनं इंदूबाईंकडे बघितलं. हेच वाक्य तो दोन वर्षं घरात म्हणत असणार. आता त्याला त्यावर दुकानाचा शिक्का मिळाला. "आयकलं न, वैनी?" म्हणत त्यानं त्यांच्या हातातून चावी घेतली. ओढली नाही, नुसती घेतली. इंदूबाईंनी ती सुटू दिली आणि माझ्याकडे बघितलं. जाताना गाडी मनोहरनं चालवली, आणि ती नेमकी त्या दिवशी एकदाही बंद पडली नाही असं मागाहून कळलं.

त्यानंतर आठवडाभरात लाखनीचे एक गुरुजी आले. पांढरी गाडी, आरशाला रुमाल. इंजिनाचा पिवळा दिवा लागत होता. मी केबल ठोकली: संपर्क नाही. मान हलवली. गुरुजी भले माणूस. माझ्या मानेवर विश्वास ठेवून गाडी टो करून नागपूरला घेऊन गेले. तिथे म्हणे एका सेन्सरची पिन साफ केली आणि सोडून दिलं. गुरुजी पुन्हा माझ्याकडे आले नाहीत. अजूनही त्यांची गाडी रस्त्यावरून जाते तेव्हा मी पाने चाचपण्यासाठी खाली वाकतो.

तिसरी गाडी म्हणजे वरठीच्या कारखान्यातल्या एका फोरमनची व्हॅन. तिलाही तोच आजार. फोरमन म्हणाला, "दसऱ्यापासून तू ज्याले त्याले एकच रोग सांगून राहिला." शेजारच्या पंक्चरवाल्या भाऊरावनं ट्यूब पाण्यात दाबत विचारलं, "काऊन बा वसंता, साथ आली काय कॉम्प्युटरची? मले तं लागनार नाई न?"

दिवाळीला तीन-चार दिवस उरले होते. सुलभाला तुमसरला माहेरी फराळाचे डबे पोचवायचे होते. दुपारी गाडी दारात आणली, सुलभा डबे मांडीवर घेऊन आत बसली, इंजिन सुरू होतं. केबल आणि लॅपटॉप मागच्या सीटवर पडलेले. निघायच्या आधीच मी तिला गिऱ्हाइकांच्या गमती सांगायला लागलो. त्यात मोहाडीच्या बाईचीही सांगितली, नकलेसकट: "म्हनते, आधी माग पाहा, मग सूत! दुसऱ्या गाडीले लावून पाहा!"

सुलभा हसली नाही. म्हणाली, "मग पाह्यली काय लावून?"

"कायले पाहू?"

"बरोबर तं म्हनलं तिनं. ही उभी आहे न दुसरी गाडी. लावा."

बायकोला एक गंमत दाखवावी म्हणून मी लावली. दोन दणके दिले. हिरवा दिवा लागला. चाक फिरलं आणि अक्षरं आली: इंजिनाच्या कॉम्प्युटरशी संपर्क होत नाही.

इंजिन घर्रघर्र चालू होतं. सीट थरथरत होती. डब्यातले शंकरपाळे खुळखुळत होते.

सुलभानं स्क्रीन वाचला, मग माझ्याकडे वळून शांतपणे विचारलं, "मंग आपन बसलो कशात? रेंगीत?"

रेंगी म्हणजे आमच्याकडची बैलांची हलकी गाडी. मी इंजिन बंद केलं. तुमसर राहिलं.

पुढचे तीन तास मी ते केलं जे पंधरवड्यापूर्वी दहा मिनिटांत करायला हवं होतं. आधी लॅपटॉपचा संशय घेतला. केबल दुसऱ्या भोकात घातली, लॅपटॉप बंद करून चालू केला, शेजारच्या पोराच्या लॅपटॉपला लावून पाहिली. दोन्हीकडे हिरवा दिवा आणि दोन्हीकडे तेच उत्तर. केबल गाडीतून उपसली तरी दिवा तसाच, तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. त्या दिव्याला करंट गाडीकडून येतच नाही, लॅपटॉपकडून येतो. पंधरा दिवस मी लोकांना जो दिवा दाखवून केबल ठणठणीत असल्याचं सांगत होतो, तो बापडा फक्त एवढंच सांगत होता की लॅपटॉप जिवंत आहे.

मग पिनांचं डोकं उन्हात धरलं. तळाशी लालसर काही तरी थिजलं होतं.

"गंज चढला," मी म्हणालो.

सुलभानं मान पुढे केली. "गंज नाही, कुंकू आहे. इतकी वर्षं लावून राहिली, मले ओळखू नाही येत काय?"

तिनंच जुना दात घासायचा ब्रश आणून दिला. पिना साफ करायचा स्प्रे मारला, ब्रशानं हलकेच घासलं, आणि सुईच्या टोकानं कोपरा उकरताना आतून एक दाणा निघाला. अक्षतेचा. नारळाचं पाणी पिऊन फुगलेला, कुंकवानं माखलेला, पिनांच्या बुडाशी पाचर मारून बसलेला. भंडारा जिल्ह्यात तांदूळ कुठेही सापडतो हे खरं, पण ही जागा नवीन होती. त्याच्यामुळे डोकं सॉकेटमध्ये पुरतं जातच नव्हतं.

मी विजयी मुद्रेनं केबल पुन्हा गाडीला लावली. या वेळी ती लोण्यासारखी आत गेली. चाक फिरलं. संपर्क होत नाही.

"अजून एखादा गहू असन," सुलभा म्हणाली.

मग मीटर काढला. मीटरची एक सुई केबलच्या पिनेवर ठेवायची, दुसरी त्याच वायरच्या दुसऱ्या टोकाला डबीच्या आत. मधला रस्ता सलग असेल तर मीटर ची-ची करतो. पिनेमागून पिन तपासत गेलो. या सोळातल्या सगळ्या कामाच्या नसतात; आमच्या गाडीसारख्या गाड्या बोलतात त्या मुख्यतः दोन पिनांवरून, सहावी आणि चौदावी. चौदावी ओरडली. सहावी गप्प. वायर जरा हलवली, ओरडली. सोडली, गप्प. प्लगचं कवच उघडलं तर सहाव्या पिनेच्या मागचं डागकाम, म्हणजे सोल्डरिंग, निखळलेलं, वायर नुसती टेकून उभी. डोकं बसत नाही म्हणून मी दिलेले दणके तिथे पोचले होते. दाण्यानं अर्धं काम केलं होतं, उरलेलं माझ्या तळव्यानं.

जुना डाग काढला, वायरचं टोक नवं सोललं, कथलाचा एक थेंब, वर नळी चढवून गरम करून आवळली. कवच लावलं. गाडीला जोडली. चाक अर्धं फिरलं नाही तोच स्क्रीन भरभर बोलू लागला. आमच्या गाडीचं डोकं शाबूत होतं. एसीचा सेन्सर तेवढा खराब होता.

"दोन उन्हाळे म्हनून राहिली मी," सुलभा म्हणाली. पण लगेच तिचा स्वर बदलला. "त्या मोहाडीवाल्या बाईच्या गाडीचं काय झालं?"

मी फोन लावला. इंदूबाईंचा फोन मनोहरनं उचलला. मी अडखळत म्हणालो की गाडी एकदा पुन्हा तपासायची होती. तो खुशीत होता. "आता काय तपासता, वसंताभाऊ? तुमसरच्या राईस मिलचे मुनीमजी गाडी घेऊन राहिले, जशी आहे तशी. उद्या वसुबारस, सकाळी नेतात. तुम्ही सांगतलं म्हनून तं फैसला झाला."

तुम्ही सांगितलं म्हणून. नाटकात माझ्या मान हलवण्यानंतर पडदा पडायचा आणि मेलेला माणूस उठून विडी प्यायला जायचा. इथे तसं होणार नव्हतं.

सकाळी आठला मी केबल, लॅपटॉप, मीटर पिशवीत घालून मोटारसायकलवरून मोहाडीला पोचलो. अंगणात गाडी धुऊन उभी होती. मुनीमजी खुर्चीवर बसून बशीनं चहा पीत होते. मनोहर बोटात चावी फिरवत होता. आतून मागाचा खटकखटक आवाज येत होता. पांडुरंगजींना सणाचं काही नव्हतं. इंदूबाई गाय-वासराच्या पूजेचं ताट घेऊन ओट्यावर उभ्या होत्या. मला बघून त्यांनी ताट खाली ठेवलं, पण या म्हटलं नाही.

मी म्हणालो, "थोडं थांबा जी. ही गाडी मी मेली म्हनून सांगतली होती. ती मेली नाही. माही वायर मेली होती."

मुनीमजींची बशी तोंडाजवळ थांबली. मनोहर म्हणाला, "काय बोलून राहिले? हिरवा दिवा होता न तुमचा? ‘मागावरचं काम नाही’ म्हनत होते न?"

"होतो म्हनत."

"आन् ते नव्या हाताचं?"

आता इथे मला एखादं बारीकसं विधान करून सुटता आलं असतं. पण ओट्यावरून इंदूबाई बघत होत्या, अगदी चावी गेली त्या दिवशी बघत होत्या तशाच. मी पिशवीतून कागदाची पुडी काढली, उघडली आणि तो लाल दाणा सगळ्यांना दाखवला. म्हणालो, "नव्या हाताचा दोष नव्हता. माह्या जुन्या हाताचा होता. पूजा करता करता हा पिनांत गेला, आन् मी वरून ठोकला."

मग मुनीमजी पुडीवर वाकले आणि धंद्याच्या सवयीनं म्हणाले, "बारीक आहे दाना. मधे तुटला नाही."

"चावी द्या," मी मनोहरला म्हणालो. "फक्त तपासायले."

त्यानं दिली, कारण मुनीमजी बघत होते. केबल लोण्यासारखी गेली. गाडी बोलली. क्रँक सेन्सर नावाचा एक लहानसा भाग असतो. इंजिन फिरतं आहे ही बातमी तो कॉम्प्युटरला देतो. बातमी तुटली की कॉम्प्युटर डिझेल बंद करतो आणि गाडी जागेवर थांबते. बोनेट उघडून त्याची वायर हातानं चाचपत मागे गेलो तर बोटाला मऊ लागलं. बाहेर काढलं तर उंदराचं घर. पिवळ्याधमक कोशाच्या सुताचं, गोल वळलेलं, वर दोन धानाची तुसं. घरमालकानं येता-जाता शेजारची वायर कुरतडली होती. एकच तार उरली होती, ती खड्ड्यात सुटायची, पुन्हा टेकायची.

आतला खटकखटक थांबला. पांडुरंगजी दारात आले, माझ्या हातातलं ते घर घेतलं, सूत दोन बोटांत चोळलं आणि त्या दिवसाचं पहिलं वाक्य बोलले: "ही माही हरपलेली सुताची कांडी."

मुनीमजी खदखदून हसले. "मोहाडीत उंदरालेही कोसाच लागते काय?"

मी वायर सोलून जोडली, डाग दिला, नळी चढवली आणि उंदराच्या वाटेपासून दूर बांधली. इंजिन सुरू केलं, जोड हातानं हलवून हलवून पाहिला. बंद पडलं नाही. मुनीमजी उठले, टोपी नीट केली. "चालती गाडी कोन इकते? मी जातो, मनोहरभाऊ." माणूस समजूतदार होता.

इंजिन बंद करून मी चावी घेऊन ओट्याकडे गेलो आणि हात पुढे केला. "घ्या, ताई."

त्यांनी हात पुढे केला नाही. "तुमच्या हातून नाही, भाऊ. ज्यानं घेतली त्यानं देऊ द्या."

मी चावी मनोहरला दिली. तो दोन पायऱ्या चढला आणि त्यानं ती वहिनीपुढे धरली. तरी हात पुढे आला नाही.

"हातात नको. जिथं असते तिथं ठेवा."

ओटा ओलांडून, दारातल्या भावाच्या शेजारून मनोहर आत गेला. खुंटीवर चावी टेकल्याचा आवाज बाहेर ऐकू आला. पांडुरंगजी मागावर जाऊन बसले. मग इंदूबाई आत गेल्या, चावी घेऊन आल्या आणि मला म्हणाल्या, "चला, सोडून देतो तुम्हाले वरठीले."

"माही मोटारसायकल आहे न, ताई."

"ते मनोहरभाऊजी आनतीन मागून. तुम्ही बसा. नव्या हाताची गाडी पाहा जरा."

मोहाडी ते वरठी मी त्यांच्या शेजारी बसून आलो. कारखान्याच्या पाळीची सुटी झाली होती, सायकली आणि मोटारसायकली अख्खा रस्ता भरून येत होत्या. त्यांनी एकदाही हॉर्न वाजवला नाही आणि एकदाही ब्रेक जोरात मारला नाही. मी दरवाजावरचं हँडल मात्र धरून होतो. दुकानासमोर भाऊराव ट्यूब हातात घेऊन उभाच राहिला. "काऊन बा वसंता," तो ओरडला, "आता गिऱ्हाईकच मेकॅनिकले टो करून आनून राहिले काय?"

तेव्हापासून कोणतीही गाडी आली की मी केबल आधी माझ्या गाडीला लावतो, मग गिऱ्हाइकाच्या. कोणी विचारलं तर सांगतो की मागावरच्या एका बाईंकडून शिकलो. मान हलवणं बंद केलं आहे. "हं" मात्र सुटत नाही.

गेल्या दसऱ्याला दुकानात पूजा मांडली होती. टोपण घट्ट लावलेलं. इतक्यात इंदूबाईंची गाडी येऊन उभी राहिली. मागच्या सीटवर चादरीत साड्या, नागपूरला निघालेल्या. दसऱ्याला आम्ही अवजार उचलत नाही, हे सांगायला मी पुढे झालो तर त्या म्हणाल्या, काम नाही, सोनं द्यायला थांबले. आपट्याची पानं दिली आणि एक थैली दिली, कोशाची, तोंडाला नाडी असलेली. केबलचं डोकं त्यात बरोबर मावलं. थैलीचं सूत पिवळंधमक होतं. ते कोणत्या कांडीचं हे मी विचारलं नाही.

सुलभानं त्यांच्या हाती पूजेचं ताट दिलं. त्यांनी केबलकडे बघितलं, बोट कुंकवात बुडवलं, मग वळून ते माझ्या कपाळाला टेकवलं आणि डोक्यावर चिमूटभर अक्षता टाकल्या.

"वायरले राहू द्या," त्या सुलभाला म्हणाल्या. "मागच्या खेपेले बिघडलं तं हे डोकं होतं."

दोघी हसल्या. गाडी निघून गेली. मी सदरा झटकला, खिशातून दाणे निघाले ते वेचले, आणि तरीही, सुलभा पूजेचं ताट घेऊन आत गेल्यावर, टोपण उघडून सोळाही पिना एकदा बघून घेतल्या.